क्लचचे पेडल खाली बसले म्हणजे प्लेट गेली का? हायड्रॉलिक क्लचमधील ‘एअर’ घरी कशी काढायची आणि कधी हात लावू नये

डिजिटल डेस्क, जळगाव/धुळे

धुळ्याहून छत्रपती संभाजीनगरकडे निघालेली गाडी चाळीसगाव ओलांडून कन्नड घाटाला लागते. वर कुठेतरी ट्रक बंद पडलेला असतो आणि रांग लागलेली असते. दहा फूट पुढे जायचे, थांबायचे, पुन्हा दहा फूट पुढे. अशात क्लच अचानक पायाखाली मऊ लागतो. पहिला गिअर ‘कर्र’ आवाज करत पडतो. पुढच्या वेळी दाबलेले पेडल वर येतच नाही. गाडीत घरची मंडळी, मागे हॉर्न आणि बाजूला दरी.

गाडी कशीबशी गॅरेजला पोहोचली की बहुतेकांच्या मनात एकच धास्ती असते, ‘क्लच प्लेट गेली’. प्लेट बदलायची म्हणजे गिअरबॉक्स खाली उतरवायचा. काम मोठे आणि खर्चही मोठा. अनेकदा दोष प्लेटचा असतोही. पण पेडल मऊ होऊन खाली बसत असेल, तर दोष प्लेटपर्यंत पोहोचण्याआधीच, म्हणजे पेडल आणि गिअरबॉक्स यांच्यामधल्या तेलाच्या नळीत असण्याची शक्यता जास्त असते. त्या नळीत हवा शिरली, तर गॅरेजच्या भाषेत ‘एअर काढावी’ लागते. हे काम काही गाड्यांमध्ये दोन माणसांना घरच्या अंगणात करता येते. मात्र हवा काढण्याइतकेच ती आत शिरली कुठून, हे शोधणे महत्त्वाचे आहे.

हायड्रॉलिक क्लच म्हणजे काय?

इंजिनाची ताकद गिअरबॉक्सपर्यंत पोहोचवणे आणि गिअर बदलताना ती क्षणभर तोडणे, हे क्लचचे काम. पेडल दाबले की इंजिन आणि गिअरबॉक्स वेगळे होतात, सोडले की पुन्हा जोडले जातात.

पेडलचा हा दाब क्लचपर्यंत नेण्याच्या दोन पद्धती आहेत. मारुती अल्टोसारख्या अनेक छोट्या गाड्यांमध्ये त्यासाठी तारेची केबल असते. इनोव्हा, स्कॉर्पिओ यांसारख्या मोठ्या गाड्यांमध्ये आणि आता बऱ्याच लहान गाड्यांमध्येही तेलाची नळी असते. पेडलजवळ मास्टर सिलेंडर, गिअरबॉक्सजवळ स्लेव्ह सिलेंडर आणि दोघांना जोडणारी बारीक नळी. वरच्या सिलेंडरमध्ये तेल दाबले की तोच दाब खालच्या सिलेंडरमध्ये उमटतो आणि क्लच मोकळा होतो. शाळेच्या विज्ञानात शिकवला जाणारा पास्कलचा नियम तो हाच.

आपल्या गाडीत केबल आहे की तेल, हे गाडीसोबत मिळालेल्या पुस्तिकेत ‘क्लच फ्लुइड’ असा उल्लेख आहे का ते पाहून समजते. केबलच्या गाडीत हवा काढण्याचा प्रश्नच येत नाही.

थोड्याशा हवेने एवढा फरक कसा पडतो?

तेल दाबले तरी जवळपास आक्रसत नाही. हवा मात्र सहज आक्रसते. नळीत हवेचा बुडबुडा असेल तर पायाचा जोर आधी तो बुडबुडा चेपण्यात जातो. पेडल पूर्ण खाली जाते, पण स्लेव्ह सिलेंडरचा दांडा हवा तेवढा पुढे सरकत नाही. क्लच अर्धवट सुटतो. गिअर अडखळतो, विशेषतः रिव्हर्स टाकताना आवाज होतो.

पेडल भराभर सात-आठ वेळा मारल्यावर ते तात्पुरते कडक झाले आणि गिअर नीट पडू लागला, तर नळीत हवा असल्याची किंवा तेल कमी झाल्याची ती मोठी खूण असते.

प्लेट गेली की तेलाचा दोष, कसे ओळखायचे?

एक साधा फरक लक्षात ठेवता येतो. क्लच ‘घसरत’ असेल तर संशय प्लेटवर, क्लच ‘सुटत’ नसेल तर आधी संशय तेलावर.

• घसरणे : चढावर वरच्या गिअरमध्ये ॲक्सिलरेटर दाबला की इंजिनाचा आवाज वाढतो, पण गाडीचा वेग वाढत नाही. जळका वास येतो. पेडल मात्र नेहमीसारखे कडक असते. ही प्लेट झिजल्याची लक्षणे आहेत. हवा काढून काहीच फायदा होणार नाही.

• न सुटणे : पेडल मऊ लागते, खाली बसते, गिअर पडत नाही. पेडल पूर्ण दाबूनही गिअरमधली गाडी पुढे सरकू पाहते. येथे आधी तेलाची पातळी, गळती आणि हवा तपासावी.

• हळूहळू खाली जाणे : पेडल सुरुवातीला ठीक लागते, पण सिग्नलवर दाबून धरले की पायाखालून हळूच खाली सरकते. बाहेर कुठेही गळती दिसत नाही. अशा वेळी मास्टर सिलेंडरच्या आतला रबरी सील तेल मागे सोडत असण्याची शक्यता असते. हवा काढून दोन दिवस बरे वाटेल, पण दोष जाणार नाही.

क्लच न सुटण्यामागे आतला बेअरिंग किंवा प्रेशर प्लेट बिघडल्याचेही कारण असू शकते. तेलाची बाजू स्वच्छ निघाली तर मात्र गिअरबॉक्स उतरवण्याला पर्याय नसतो. म्हणूनच आधी स्वस्तातली तपासणी, मग महागडे काम, हा क्रम शहाणपणाचा.

खानदेशात या बिघाडाकडे वेगळे लक्ष का द्यावे?

तापीचे खोरे सपाट आहे. पण खानदेशाबाहेर पडायचे म्हटले की बहुतेक वाटांवर चढ लागतो. चाळीसगावच्या पुढे कन्नड घाट, जळगावहून फर्दापूरच्या पुढे अजिंठ्याचा घाट, धुळ्याहून नाशिककडे निघताच लळिंग, सुरतच्या वाटेवर कोंडाईबारी आणि शिरपूरहून इंदूरकडे जाताना बिजासन. रांगेत अडकलेली गाडी ‘हाफ क्लच’वर धरून ठेवण्याची सवय इथेच लागते आणि त्याने क्लचच्या घराजवळ भरपूर उष्णता तयार होते.

जळगाव-भुसावळचा मे महिना ४५ अंशांच्या आसपास तापतो. त्यामुळे ‘उन्हाने ब्रेक ऑइल उकळले’ असे सहज म्हटले जाते. ते तसे नाही. डॉट-३ दर्जाच्या नव्या तेलाचा उत्कलनबिंदू किमान २०५ अंश, तर डॉट-४ चा किमान २३० अंश असावा लागतो. एकट्या उन्हाने ते उकळणार नाही.

खरी गोम ओलाव्यात आहे. हे तेल हवेतली ओल शोषून घेते. पाण्याचे प्रमाण ३.७ टक्क्यांपर्यंत गेल्यावर हीच किमान मर्यादा डॉट-३ साठी १४० आणि डॉट-४ साठी १५५ अंशांवर येते. म्हणजे काही पावसाळे खाल्लेले जुने तेल, वरून उन्हाळा आणि घाटातला हाफ क्लच, असे तिन्ही एकत्र आले तर तेलातल्या पाण्याची वाफ होण्याचा धोका वाढतो. वाफही हवेसारखीच आक्रसते आणि पेडल मऊ पडते. गाडी थंड झाल्यावर ते पुन्हा ठीक वाटते, म्हणून दुर्लक्ष होते. अनेक कंपन्या हे तेल साधारण दोन वर्षांनी बदलायला सांगतात. आपल्या गाडीची मुदत पुस्तिकेत पाहावी.

ब्रेकचा याच्याशी काय संबंध?

हा भाग सर्वांत महत्त्वाचा. क्लचमध्ये वापरले जाते ते बहुतेक गाड्यांत ब्रेकचेच तेल असते. इतकेच नाही, तर अनेक गाड्यांमध्ये क्लचला वेगळी टाकी नसते. ब्रेकच्या टाकीतूनच एक बारीक रबरी नळी क्लचच्या मास्टर सिलेंडरकडे जाते. ही नळी सहसा टाकीत थोडी वर जोडलेली असते. क्लचकडून गळती झाली तरी ब्रेकसाठी काही तेल खाली शिल्लक राहावे, हा हेतू.

त्यामुळे क्लचचे पेडल खाली बसणे ही काही वेळा ब्रेकच्या टाकीतले तेल कमी झाल्याची सूचना असते. आणि हवा काढताना टाकी रिकामी होऊ दिली, तर हवा ब्रेकच्या बाजूलाही शिरू शकते.

पातळीबद्दल आणखी एक बाब. ब्रेकचे पॅड झिजतात तशी टाकीतली पातळी थोडी उतरते, ते स्वाभाविक आहे. क्लचचे तसे नाही. प्लेट झिजली म्हणून क्लचच्या स्वतंत्र टाकीतले तेल कमी होत नाही. ते कमी झाले असेल तर ते कुठेतरी गळतेच आहे.

गळती कुठे शोधायची?

पहिली जागा गाडीच्या आत. क्लच पेडलच्या वर, दांडा जिथे भिंतीत शिरतो तिथे बोट फिरवून पाहावे आणि पायपुसणी उचलून पाहावी. तेलकट ओल असेल तर मास्टर सिलेंडर गळतो आहे.

दुसरी जागा गिअरबॉक्सजवळ. स्लेव्ह सिलेंडरचे रबरी बूट ओले असेल किंवा इंजिन आणि गिअरबॉक्सच्या सांध्यातून तेल ठिबकत असेल तर दोष खालच्या बाजूला आहे. तिसरी जागा म्हणजे नळीचे सांधे.

गळती सापडली तर हवा काढण्याच्या भानगडीत पडू नये. आधी तो भाग बदलायचा, मग हवा काढायची. गळती नसेल आणि नुकतेच गिअरबॉक्सचे किंवा नळीचे काम झाले असेल, तर हवा राहून गेल्याचे कारण पटण्यासारखे असते.

घरी कोणी करू नये?

• गाडी वॉरंटीत असेल तर कंपनीच्या सर्व्हिस सेंटरलाच दाखवावी.

• ॲटोमॅटिक किंवा एएमटी गाडीला हात लावू नये. एएमटीमध्ये क्लच यंत्रणेकडून चालवला जातो आणि अनेक गाड्यांत त्यासाठी स्कॅनर लागतो.

• हवा काढण्याचा निप्पल बॉनेटमधून हाताला येत नसेल आणि गाडीखाली शिरावे लागणार असेल, तर काम गॅरेजवर सोपवावे. नुसत्या जॅकवर उचललेल्या गाडीखाली शिरणे जीवघेणे ठरू शकते.

• काही गाड्यांत स्लेव्ह सिलेंडर गिअरबॉक्सच्या आतच, शाफ्टभोवती बसवलेला असतो. तिथे निप्पल बाहेर असला तरी पेडल जोरात मारल्याने आतले सील बिघडू शकतात. पुस्तिकेत वेगळी पद्धत दिली असेल तर तीच वापरावी.

सामान काय लागते?

गाडीला लागणाऱ्या दर्जाच्या तेलाचा नवा, सीलबंद डबा. साधारण अर्धा लिटर पुरते. निप्पलच्या मापाचा रिंग पाना. निप्पलवर घट्ट बसेल अशी पारदर्शक नळी. एक पारदर्शक बाटली, स्वच्छ फडके, हातमोजे, चष्मा आणि बादलीभर पाणी. आणि सांगितलेले ऐकणारा दुसरा माणूस.

टाकीच्या झाकणावर डॉट-३ किंवा डॉट-४ असे लिहिलेले असते. तेच घ्यावे. दुकानात याला ‘ब्रेक ऑइल’ म्हणतात, पण हे इंजिन ऑइलसारखे खनिज तेल नाही. इंजिन ऑइल, हायड्रॉलिक ऑइल किंवा पॉवर स्टीअरिंगचे तेल यात चुकूनही घालू नये. त्याने आतले रबरी सील फुगतात, आणि टाकी सामायिक असेल तर ब्रेकही निकामी होतात. डॉट-५ हे सिलिकॉनचे वेगळे तेल आहे, तेही यात मिसळू नये. मागच्या वर्षी उघडून ठेवलेला डबा ओल शोषून बसलेला असतो, म्हणून तोही नको.

हवा काढण्याची पद्धत

१. गाडी सपाट जागी लावा, हँडब्रेक ओढा, चाकांना लाकडी ठोकळे किंवा दगड लावा. इंजिन बंद आणि पूर्ण थंड हवे. उन्हाळ्यात सकाळची वेळ बरी.

२. टाकीचे झाकण आणि आजूबाजूची धूळ आधी पुसा, मगच झाकण उघडा. धुळीचा कणही आत जाऊ देऊ नका. तेल ‘मॅक्स’ खुणेपर्यंत भरा.

३. स्लेव्ह सिलेंडरवरच्या निप्पलची रबरी टोपी काढा. आधी रिंग पाना अडकवा, मग नळी चढवा. बाटलीत थोडे नवे तेल घालून नळीचे दुसरे टोक त्यात बुडवून ठेवा. त्यामुळे बुडबुडे दिसतात आणि हवा परत आत ओढली जात नाही.

४. गाडीत बसलेल्याने पेडल सावकाश पूर्ण दाबायचे, धरून ठेवायचे आणि ‘दाबला’ असे सांगायचे.

५. बाहेरच्याने निप्पल अर्धा फेरा सैल करायचा. तेल आणि बुडबुडे बाटलीत येतात. आतल्याचे पेडल तळाला जाते. पाय तसाच ठेवायचा.

६. बाहेरच्याने निप्पल बंद करून ‘बंद’ असे सांगायचे. ‘बंद’ ऐकू येईपर्यंत पाय उचलायचा नाही. निप्पल उघडा असताना पेडल वर आले तर हवा पुन्हा आत शिरते, आणि सगळी मेहनत वाया जाते. पेडल आपोआप वर येत नसेल तर ते पायाने किंवा हाताने वर ओढून घ्यावे.

७. हेच पुन्हा पुन्हा करायचे. दर चार-पाच वेळांनी टाकी पाहून तेल भरायचे. पातळी ‘मिन’ खुणेखाली जाता कामा नये.

८. नळीतून सलग आठ-दहा वेळा बुडबुड्याविना स्वच्छ तेल आले की निप्पल घट्ट करा. तो लहान असतो, जास्त जोर लावला तर तुटतो. रबरी टोपी बसवा, टाकी योग्य पातळीपर्यंत भरा, झाकण लावा.

तेल गाडीच्या रंगावर सांडले तर लगेच भरपूर पाण्याने धुवावे, कारण ते रंग खाते. डोळ्यात गेले तर डोळे पाण्याने धुऊन डॉक्टरांना दाखवावे.

काम झाले का, हे कसे तपासायचे?

पेडल पहिल्याच दाबाला कडक लागले पाहिजे. पुढे आणि मागे मोकळी जागा ठेवून, हँडब्रेक ओढून, ब्रेकवर पाय ठेवून इंजिन सुरू करा. क्लच पूर्ण दाबून तीन-चार सेकंदांनी रिव्हर्स टाका. आवाज न होता पडला पाहिजे. पेडल अर्धा मिनिट दाबून ठेवा. गाडीने ओढ घेऊ नये. ब्रेकचे पेडलही दाबून पाहा. ते मऊ लागले तर गाडी रस्त्यावर आणू नका.

त्यानंतर दोन-तीन दिवस रोज सकाळी टाकीची पातळी आणि गाडीखालची जमीन पाहावी. पेडल पुन्हा मऊ झाले तर त्याचा अर्थ एकच, हवा येण्याची वाट अजून उघडी आहे. पुन्हा पुन्हा हवा काढत बसण्यापेक्षा गॅरेज गाठावे आणि मेकॅनिकला नेमके सांगावे : हवा काढली होती, इतक्या दिवसांनी पुन्हा आली, पातळी इतकी उतरली. एवढ्या माहितीवर मास्टर की स्लेव्ह, हे शोधणे सोपे जाते. ‘क्लच खराब आहे’ एवढेच सांगितले, तर थेट प्लेटपासून सुरुवात होऊ शकते.

काढलेल्या तेलाचे काय करायचे?

ते पुन्हा टाकीत ओतायचे नाही. गटारात, बांधावर किंवा विहिरीजवळ टाकायचे नाही. पाण्याच्या बाटलीत जमा केले असेल तर ती घरात उघडी ठेवू नका. लहान मूल ते सरबत समजून पिऊ शकते आणि हे तेल विषारी आहे. बाटलीवर मोठ्या अक्षरात लिहून, घट्ट बंद करून, वापरलेले तेल जमा करणाऱ्या गॅरेजला द्यावे. इंजिनच्या जुन्या तेलात मिसळू नये.

आणि घाटातच पेडल बसले तर?

घाबरून इंजिन बंद करू नका. इंजिन बंद झाले की ब्रेकला मिळणारी मदत कमी होते. पार्किंगचे दिवे लावा, ब्रेकने वेग कमी करत गाडी कडेला घ्या. थांबल्यावर हँडब्रेक ओढून चाकांना दगड लावा आणि मंडळींना रस्त्यापासून दूर, सुरक्षित बाजूला उभे करा.

मग टाकी पाहा. टाकी सामायिक असेल आणि पातळी ‘मिन’च्या खाली असेल, तर पेडल मारून मारून गाडी पुढे नेण्याचा मोह टाळा. तिथे प्रश्न क्लचचा राहत नाही, ब्रेकचा होतो. राष्ट्रीय महामार्गावर मदतीसाठी १०३३ हा क्रमांक आहे.

पातळी ठीक असेल, ब्रेक कडक असतील आणि पेडल मारल्यावर गिअर पडत असेल, तर सावकाश जवळचे गॅरेज गाठता येते. पण घाट चढण्याआधीच, चाळीसगावला चहासाठी थांबल्यावर बॉनेट उघडून टाकीकडे एक नजर टाकायला मिनिटही लागत नाही.